वळच्या गोदामांमागचा पाखंड्यांचा डोंगर

मुंबई-नाशिक महामार्ग सोडून भिवंडी तालुक्यातल्या वळ गावाच्या रस्त्याला लागलं, की गोदामं सुरू होतात. पत्र्याची उंच छपरं, ओळीने लागलेले कंटेनर, दारात खोकी उतरवणारे माथाडी. इथे माल मुक्कामाला येतो आणि पुढे निघून जातो. त्याच्यासोबत फिरते ती बिल्टी. कोणी पाठवला, कोणाला पोचवायचा, नग किती, एवढंच त्या पातळ कागदावर असतं. वाटेत गाडी बदलते, ड्रायव्हर बदलतो, तरी देणं कोणाचं आणि येणं कोणाचं हे बदलत नाही.

हवा स्वच्छ असली की पश्चिमेला, खाडीपलीकडे येऊरचे डोंगर दिसतात. त्याच डोंगरांच्या पलीकडच्या अंगाला कान्हेरी आहे. शंभराहून जास्त लेणी, आणि ती कोरवून घेणाऱ्यांत कल्याण-सोपाऱ्याचे व्यापारी ठळक. कल्याणच्या आनंदाचा मुलगा अपरेणुक याने सातवाहन राजा यज्ञश्री सातकर्णीच्या राज्याच्या 16व्या वर्षी इथे एक लेणं खोदवलं, ते आजचं 81 क्रमांकाचं. भिक्षूंच्या कपड्यालत्त्यासाठी त्याने 200 कार्षापण नाणी कायम ठेव म्हणून ठेवली आणि मंगलस्थान, म्हणजे आजच्या मागाठाण्यातलं, एक शेतही लावून दिलं. माणूस गेला तरी ठेव चालू राहावी, असा तो करार.

आपण कान्हेरीला ‘बौद्ध लेणी’ म्हणतो आणि पुढे जातो. पण कुठले बौद्ध? 3 क्रमांकाच्या भव्य चैत्यगृहाच्या दाराशी याच सातकर्णीच्या काळातला लेख आहे. हे चैत्य भद्रायणीय आचार्यांना दिलं, असं तो सांगतो. नाशिकच्या 3 क्रमांकाच्या लेण्यात सातवाहन राणी गौतमी बलश्रीने दान दिलं तेही याच भद्रायणीयांना. कार्ल्याच्या एका दानलेखात सोपाऱ्याचा धर्मोत्तरीय पंथाचा भिक्षू भेटतो. भद्रायणीय आणि धर्मोत्तरीय ही दोन्ही वात्सीपुत्रीयांची पिल्लं, आणि वात्सीपुत्रीय म्हणजे बौद्ध जगातले सर्वांत बदनाम पाखंडी.

त्यांचा गुन्हा एका शब्दाचा: पुद्गल, म्हणजे व्यक्ती. आत्मा नाही, हे बुद्धाचं सांगणं. रूप, वेदना, संज्ञा, संस्कार, विज्ञान हे पाच स्कंध क्षणोक्षणी उपजतात आणि मावळतात. ‘मी’ हे त्या राशीला दिलेलं नुसतं नाव. वात्सीपुत्रीयांनी विचारलं, मग काल ज्याने पाप केलं आणि उद्या ते जो भोगणार, त्यांचं नातं काय? करुणा करायची ती कोणावर? व्यक्ती आहे, असं ते म्हणाले. ती स्कंधांहून वेगळी नाही आणि स्कंधांएवढीही नाही. चुलीतला विस्तव लाकडाशिवाय नसतो, पण म्हणून विस्तव म्हणजे लाकूड नव्हे. हे नातं शब्दांत मावत नाही, पण खरं आहे.

इतर पंथांना हा मागच्या दाराने आत घेतलेला आत्माच वाटला. थेरवाद्यांच्या ‘कथावत्थु’तला पहिलाच वाद या पुद्गलावर आहे. वसुबंधूने ‘अभिधर्मकोशा’चं नववं प्रकरण त्यांच्या खंडनाला दिलं. काहींनी तर त्यांना संघात शिरलेले परके ठरवलं.

मला सर्वांत भिडतो तो त्यांच्या भाऊबंद सम्मितीयांचा मानला जाणारा एक विचार, नागार्जुनाने आपल्या ग्रंथात नोंदवलेला. कर्म म्हणजे कर्ज आणि त्यामागे एक ‘अविप्रणाश’ असतो, कर्जरोख्यासारखा. केलेलं कृत्य त्याच क्षणी संपतं, रोखा मात्र देणं फिटेपर्यंत टिकतो. हे तत्त्वज्ञान पेढीवर बसणाऱ्याला कळणारं होतं. म्हणूनच कल्याणच्या बाजारातून येणाऱ्यांनी या पंथाला हात दिला, असा पुरावा नाही. पण गलबतावर माल चढवून महिनोन्‌महिने वाट पाहणाऱ्या माणसाला, ऋण घेणारा आणि फेडणारा एकच असतो हे ऐकून बरं वाटलं असेल, असं मला मनापासून वाटतं.

या पंथांचे बहुतेक ग्रंथ हरवले. सातव्या शतकात चिनी यात्रेकरू युआन श्वांग आला तेव्हा पश्चिम भारतात सम्मितीयांचे मठ भरलेले होते. आज त्यांचं म्हणणं कळतं ते थोड्या चिनी भाषांतरांतून आणि मुख्यतः विरोधकांच्या तोंडून. एवढ्या मोठ्या परंपरेच्या वाट्याला हे यावं, याची हळहळ वाटते. त्यांचा पत्ता सांगणारे भरवशाचे साक्षीदार म्हणजे आपल्याच सह्याद्रीतले आणि कोकणातले दगड.

कान्हेरीला जायचं तर बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानातून, सोमवार टाळून. चैत्याच्या व्हरांड्यात दोन्ही टोकांना उंच बुद्धमूर्ती आहेत, नंतरच्या काळातल्या. सगळ्यांचे डोळे तिकडेच जातात. आधी दाराजवळच्या भिंतीवरची दाम्पत्यं पाहा. भरदार अंगाची, दागिन्यांनी लगडलेली, एकमेकांना खेटून उभी असलेली माणसं. मग तो लेख शोधा. त्याचा बराच भाग झिजला, फुटला आहे. ब्राह्मी लावता येणाऱ्याला मात्र अजून ‘भदायनिय’ हे नाव वाचता येतं.