तापीच्या खोऱ्यातून एक सायकलमार्ग

धुळ्याहून बऱ्हाणपूरला सायकलने निघायचं, तर राष्ट्रीय महामार्ग ५३ हा सर्वांत सरळ रस्ता आहे आणि सायकलसाठी सर्वांत वाईटही. हजिऱ्याहून कोलकात्याकडे जाणारी अवजड वाहतूक पारोळा, एरंडोल, जळगाव, भुसावळ, वरणगाव अशी याच पट्ट्यातून धावते. चौपदरीकरणानंतर ट्रकचा वेग वाढला. सेवारस्ता मध्येच संपतो आणि सायकलवाला थेट त्या वेगाशेजारी येऊन पडतो.

पण खानदेशात महामार्गाखेरीजही रस्ते आहेत. धुळ्याहून थेट अमळनेर, तिथून धरणगाव, पाळधी, जळगाव. पुढे बहिणाबाई चौधरींचं माहेर असोदा, भादली, भुसावळ. भुसावळला तापी ओलांडली की बामणोद, फैजपूर, सावदा, रावेर आणि शेवटी बऱ्हाणपूर. हे सगळं अंतर दोनशे किलोमीटरच्या आसपास भरतं. वाटेत घाट नाही. नदीच्या खोऱ्यातला प्रदेश असल्यामुळे चढ-उतार पायांना झेपतील इतकेच. युरोपात लांब पल्ल्याच्या सायकलमार्गांचं ‘युरोव्हेलो’ नावाचं जाळं आहे. त्यातला सहाव्या क्रमांकाचा मार्ग अटलांटिकपासून काळ्या समुद्रापर्यंत जातो, तोही लुआर आणि डॅन्यूब या नद्यांच्या काठानेच. लांबच्या सायकलप्रवासाला नदीसारखा वाटाड्या नाही.

दोनशे किलोमीटर हा आकडा सायकलस्वारांच्या ओळखीचा आहे. पॅरिसच्या ‘ऑडॅक्स क्लब पॅरिसियन’च्या नियमांनी जगभर ‘ब्रेव्हे’ (बीआरएम) म्हणजे ठरलेल्या वेळेत पुऱ्या करायच्या लांब पल्ल्याच्या सायकलफेऱ्या होतात, आपल्याकडे पुणे, नाशिक, नागपूरलाही होतात. २०० किलोमीटर साडेतेरा तासांत, ३०० वीस तासांत, ४०० सत्तावीस तासांत, ६०० चाळीस तासांत. एका हंगामात हे चारही टप्पे पुरे करणारा ‘सुपर रँडोनर’ ठरतो. ही शर्यत नसते, पहिला-दुसरा नंबर नसतो. आपली ट्यूब, आपलं पाणी, आपले दिवे आपणच न्यायचे आणि ठरलेल्या ठिकाणी नोंद करून घ्यायची. दोनशेला सरासरी पंधराचा वेग पुरतो, म्हणजे चहाला थांबायलाही सवड मिळते. हंगाम नोव्हेंबरला सुरू होतो, हे आपल्या पथ्यावर पडणारं आहे. ज्या भुसावळात मे महिन्यात पारा पंचेचाळिशी ओलांडतो, तिथे सायकलीचे महिने नोव्हेंबर ते फेब्रुवारी हेच.

मात्र ब्रेव्हे संपली की मागे काही उरत नाही. मार्ग त्या दिवसापुरता असतो. मला हवा आहे तो कायमचा, कोणालाही कधीही धरता येईल असा मार्ग, आणि त्यासाठी नवा रस्ता बांधायची गरज नाही. बेल्जियमच्या लिम्बर्ग प्रांतात कोळशाच्या खाणी बंद पडत होत्या, तेव्हा ह्यूगो बोलेन या खाण-अभियंत्याने एक साधी युक्ती काढली. ग्रामीण रस्ते जिथे एकमेकांना मिळतात, त्या प्रत्येक ठिकाणाला त्याने क्रमांक दिला. सायकलवाल्याने चार-पाच आकडे लक्षात ठेवायचे आणि पाटी बघत जायचं. १९९५ साली सुरू झालेली ही पद्धत पुढे नेदरलँड्सभर पसरली. आपल्या फाट्यांवर ती उद्या सुरू करता येईल. फाट्यावर चहाची टपरी असते, सावलीला निंब असतो, रस्ता सांगणारं माणूस असतं. तिथे कमी आहे ती फक्त क्रमांकाच्या पाटीची.

खरी अडचण पुलांची आहे. पाळधीहून जळगावात शिरताना गिरणा आडवी येते आणि बांभोरीचा पूल महामार्गाचा आहे. भादलीपर्यंत आतून आलात, तरी वाघूरसाठी साकेगावला पुन्हा महामार्गच गाठावा लागतो. भुसावळच्या उत्तरेला तापी. आतल्या रस्त्यांनी कितीही शांत आलं, तरी नदीपाशी सगळ्यांना एकाच पुलावर यावं लागतं. पैसा खर्चायचाच असेल, तर तो शहरातल्या रंगवलेल्या सायकलपट्ट्यांवर नको, या पुलांवरच्या सुरक्षित कडेवर खर्चावा. फैजपूर-सावदा-रावेर हा अंकलेश्वर-बऱ्हाणपूर रस्त्याचा तुकडाही केळीच्या ट्रकमुळे जपून चालवायचा आहे.

भुसावळ या मार्गाच्या मध्यावर आहे, हा मोठाच लाभ. सुरतेच्या मार्गावर अमळनेर, धरणगाव, भादली ही स्थानकं, तर खंडव्याकडे जाताना सावदा, निंभोरा, रावेर आणि बऱ्हाणपूर. ज्या स्थानकांतून केळी दिल्लीला जातात, त्याच स्थानकांची साथ सायकलवाल्याला मिळते. गुडघा दुखला, अंधार पडला, तर गाडी धरता येते. सायकल लगेज म्हणून ब्रेकव्हॅनमध्ये टाकण्याची सोय रेल्वेत आहेच. नागपूर-मुंबईचा माणूस सायकलसह भुसावळला उतरून इथूनच सुरुवात करू शकतो. एक सूचना मात्र हवी. बारीक चाकाच्या नव्या सायकलींची ट्यूब खेड्यातल्या दुकानात सहसा मिळत नाही आणि त्यांचा वॉल्व्ह मोटारसायकलच्या पंपाला बसत नाही. दोन ट्यूब आणि एक अडॅप्टर खिशात असावा.

मुक्कामांचं काय, असं विचारणाऱ्यांनी मुक्ताईनगरकडे बघावं. संत मुक्ताबाईंची पालखी तिथून निघते आणि बुलढाणा, जालना, बीड करत महिनाभराने पंढरपूरला पोचते. रोजचा टप्पा ठरलेला, विसाव्याचं गाव ठरलेलं, कोणत्या गावी जेवण कोणाकडे हेही ठरलेलं. लांबचा मार्ग डांबराइतकाच अशा मुक्कामांवर चालतो आणि हे खानदेशाला कोणी शिकवायला नको. नाशिकच्या सायकलस्वारांनी २०१२ पासून पंढरपूरची सायकलवारी याच वळणाने सुरू ठेवली आहे. बामणोदच्या वांग्यांचं भरीत आणि कळण्याची भाकरी देणारी घरं या वाटेवर आजही आहेत. त्यांचा पत्ता मार्गाच्या नकाशावर आला, की पाहुणाही सुखावेल आणि घरात चार पैसेही येतील.

हा मार्ग केवळ रविवारी हेल्मेट घालून निघणाऱ्यांचा होऊ नये, असं मला मनापासून वाटतं. मानव विकास कार्यक्रमातून सायकल मिळालेल्या आठवी ते बारावीच्या मुली रोज याच प्रकारच्या रस्त्यांनी शाळेत जातात. शेतमजूर जातो, पाळीला निघालेला कामगार जातो. त्यांच्यासाठी पुलाची कड सुरक्षित झाली, तर दूरचा प्रवासी आपोआप सुरक्षित होतो. उलट्या क्रमाने हे घडत नाही.

सुरुवात भुसावळ ते फैजपूर या तुकड्याने करावी. जेमतेम पंचवीस किलोमीटरच्या आत, एक नदी, काही फाटे, दोन्ही टोकांना एसटी. फैजपूरला १९३६ च्या डिसेंबरात काँग्रेसचं खेड्यातलं पहिलं अधिवेशन भरलं, जवाहरलाल नेहरू अध्यक्ष होते आणि मुंबईहून धावपटूंनी हातोहात मशाल तिथे आणली होती. २७ आणि २८ डिसेंबर या अधिवेशनाच्या तारखा थंडीतल्या आहेत. त्या तारखांपर्यंत पहिल्या दहा-बारा पाट्या लागू शकतात. जिल्हा परिषद, सार्वजनिक बांधकाम विभाग आणि वाटेवरच्या ग्रामपंचायती यांनी एका बैठकीत क्रमांक ठरवायचे, बाकी रंग आणि खांब लागतात.