डिझेल इंजिन गॅसवर चालविताना हवेचा हिशेब

सातारा आणि सांगली भागातील आमच्या वाचकांत इंजिन फिटर, पिठाच्या गिरणीवाले आणि लाकडाच्या वखारीवाले पुष्कळ आहेत. जुने डिझेल इंजिन गोबर गॅसवर किंवा लाकडाच्या गॅसवर चालवावे काय, अशी विचारणा त्यांच्याकडून वरचेवर होते. डिझेल वाचते हे खरे. पण नुसता पाइप जोडून कॉक उघडला, तर वाचलेला पैसा नोझल आणि पिस्टनमध्ये जातो. आमच्या ओळखीच्या एका फिटरभाईंना एकाच हंगामात गिऱ्हाइकाचे नोझल दोनदा बदलून द्यावे लागले, तेही पदरमोड करून.

इंजिनाची विद्या या भागाला नवी नाही. साताऱ्यात धनजीशा कूपर यांनी कारखाना काढला (हेच गृहस्थ १९३७ साली काही महिने मुंबई प्रांताचे मुख्य प्रधान होते), तर किर्लोस्करवाडी १९१० साली वसली. फलटणच्या निंबकर कृषी संशोधन संस्थेने तर ३.७५ किलोवॅटचा, म्हणजे ५ एच.पी.चा, डिझेल पंपसेट लाकडाच्या गॅसवर चालवून त्याचे अनुभव १९८९ साली प्रसिद्ध केले होते.

आता हिशेब. ५ एच.पी.चे, ८० मि.मी. बोअर आणि ११० मि.मी. स्ट्रोकचे एक सिलिंडरचे इंजिन घेऊ. त्याच्या सिलिंडरची जागा ५५३ सी.सी. चार स्ट्रोकचे इंजिन १५०० फेऱ्यांवर मिनिटाला ७५० वेळा श्वास घेते. फिल्टर आणि व्हॉल्व्हची अडचण धरून ८० टक्के भरते असे मानले, तर तासाला सुमारे २० घनमीटर हवा आत जाते. वजनात ती २३ किलो होते. पूर्ण भारावर असे इंजिन तासाला साधारण १ किलो डिझेल खाते. १ किलो डिझेल पुरते जळायला साडेचौदा किलो हवा पुरते, आपण २३ किलो देतो. ही जादा हवाच डिझेल इंजिनाची खरी ठेव आहे, कारण गॅसला जागा त्यातूनच काढायची असते.

गॅस दाबाने आपोआप पेटत नाही, म्हणून डिझेल सर्वस्वी बंद करता येत नाही. साधारण पाचवा हिस्सा, म्हणजे २०० ग्रॅम, काडी म्हणून ठेवावाच लागतो. त्याला अडीच घनमीटर हवा लागते. ६० टक्के मिथेन असलेल्या १ घनमीटर गोबर गॅसला ५.७ घनमीटर हवा लागते. तासाला २ घनमीटर गॅस दिला, तर ११.४ अधिक २.५, म्हणजे सुमारे १४ घनमीटर हवेची गरज. गॅसने २ घनमीटर जागा घेतल्यावर १८ उरते. काम बिनघोर चालते. पण हौसेने ३ घनमीटर सोडला, की गरज जवळजवळ २० आणि उरलेली हवा १७. कच्चा गॅस सायलेन्सरमधून जातो, ठोके येतात. इकडे फेऱ्या वाढू नयेत म्हणून गव्हर्नर डिझेल तोडतो. डिझेलच्या धारेने थंड राहणारे नोझलचे टोक मग भाजते. आमच्या फिटरभाईंचे नेमके हेच झाले होते.

लाकडाच्या गॅसची गोष्ट निराळी. त्यात निम्म्याच्या आसपास न जळणारा नायट्रोजन, म्हणून १ घनमीटरला सव्वा घनमीटरहूनही कमी हवा लागते, पण उष्णताही त्या मानाने थोडी. गॅस खूप आणि हवा कमी, असे सिलिंडर भरते. ७.५ घनमीटर गॅस दिला तर त्याला ८.६, डिझेलला २.५, मिळून ११ घनमीटर हवा हवी आणि शिल्लक १२.५. यापुढे जागाच नाही. त्यामुळे ताकद पाचव्या ते चौथ्या हिश्श्याने घटते. ५ एच.पी.च्या कामाला इंजिन ७.५ एच.पी.चे घ्यावे, हे गिऱ्हाइकाला सौद्याआधीच सांगावे. गॅस गरम आत गेला तर जागा आणखी खातो, तेव्हा तो थंड करून, डांबर गाळूनच द्यावा.

मीटर नसला तरी गोबर गॅसचे माप निघते. तरंगत्या टाकीचा व्यास २ मीटर असेल, तर २ घनमीटरच्या वेगाला टाकी १० से.मी. खाली यायला साडेनऊ मिनिटे लागतात. त्याआधीच उतरली तर कॉक थोडा आवळावा. डिझेलसाठी टाकीऐवजी खुणांची काचनळी लावावी. १५ मिनिटांत ६० मि.लि.पेक्षा कमी गेले, तर नोझलची काळजी करावी.