खारवलेल्या मांसाचा मसाला

मार्च महिन्याच्या १७ तारखेस आयर्लंडच्या संत पॅट्रिकचा सण येतो. त्या सुमारास न्यूयॉर्क, बोस्टन इत्यादि अमेरिकन शहरांतील पुष्कळ घरांतून ‘कॉर्न्ड बीफ’ नांवाचा पदार्थ शिजत असतो. छातीच्या भागाचें गोमांस मिठाच्या पाण्यांत आठवडा-दीड आठवडा मुरवावयाचें आणि मग कोबी व बटाटे यांच्या संगतींत मंद आंचेवर उकडावयाचें, अशी त्याची ढोबळ कृति आहे. तेथील दुकानांत हें मांस मुरवून पाकिटांत बंद केलेलें मिळतें, व त्या पाकिटांतच मसाल्याची एक चिमुकली पुडी असते. पुडी उघडली असतां मोहरी, धने, मिरी, लवंग अशी सारी ओळखीची मंडळी मराठी गृहिणीस भेटतात. मात्र ती पुडी केव्हां भरली, तिच्यांतील सुवास किती उरला, हें कळावयास मार्ग नसतो. असा मसाला घरीं करण्यास पाव तासही लागत नाहीं. परंतु तो करण्यापूर्वीं एक गोष्ट नीट समजून घेणें अवश्य आहे. ती ही कीं, या पदार्थांत मिठाचें काम वेगळें आणि मसाल्याचें काम वेगळें. या दोहोंची गल्लत झाली, तर नुसती रुचिच नव्हे, प्रकृतीही बिघडण्याचा संभव असतो.

प्रथम नांवाचा उलगडा करावयास हवा. ‘कॉर्न’ म्हणजे येथें मका नव्हे. जुन्या इंग्रजींत कोणत्याही दाण्यास हा शब्द लावीत. मांसावर पसरावयाच्या जाड्या मिठाचे खडे दाण्यांसारखे दिसत, म्हणून त्या मांसास हें नांव पडलें. इंग्लंडच्या पार्लमेंटनें १६६३ व १६६७ सालच्या कायद्यांनीं आयर्लंडांतील जिवंत गुरांच्या आयातीस अडसर घातला. तेव्हां आयरिश व्यापाऱ्यांनीं मांस खारवून पिंपांत भरण्याचा उद्योग वाढविला, आणि कॉर्क हें बंदर त्याचें मोठें केंद्र बनलें. तेथून ही पिंपें जहाजांवरील खलाशांसाठीं व वेस्ट इंडीजमधील मळ्यांकडे जात. तीं भरणाऱ्या गरीब आयरिश माणसाच्या ताटांत मात्र बहुधा बटाटाच असे. १८४५ सालीं सुरू झालेल्या भीषण दुष्काळांत लाखों आयरिश लोक अमेरिकेस गेले. न्यूयॉर्कमध्यें त्यांना ज्यू खाटकांच्या दुकानांत खारवलेलें छातीचें मांस स्वस्त मिळूं लागलें, आणि मायदेशीं डुकराच्या खारवलेल्या मांसाबरोबर शिजणारा कोबी तेथें याच्याबरोबर शिजूं लागला. आयरिश सणाचें म्हणून गाजलेलें हें पक्वान्न अशा रीतीनें अमेरिकेंत जन्मास आलें. उरुग्वेमधील फ्राय बेंटॉस या गांवाच्या नांवानें प्रसिद्धि पावलेलें डब्यांतील कॉर्न्ड बीफ हा मात्र निराळा प्रकार होय. त्यांत अख्ख्या मसाल्याचा संबंध नसतो.

आतां मिठाकडे वळूं. मीठ मांसांतील पाणी ओढून घेतें व कुजविणाऱ्या जंतूंची वाढ रोखतें, हें लोणचीं घालणाऱ्या कोणत्याही घरास सांगावयास नको. परंतु मांसाच्या बाबतींत जुन्या काळापासून मिठाच्या जोडीला आणखी एक क्षार वापरीत आले आहेत. तो म्हणजे सोरा. बिहारमधील जमिनींतून निघणारा सोरा ईस्ट इंडिया कंपनी जहाजें भरभरून विलायतेस नेई. त्याचा मुख्य उपयोग बंदुकीच्या दारूकडे असला, तरी सोऱ्याची चिमूट खारवलेल्या मांसांतही पडत असे. कारण त्यानें मांस शिजल्यावरही तांबूस राहतें. याचें कारण पुढें शास्त्रज्ञांनीं उकललें. पोलेन्स्के या जर्मन रसायनशास्त्रज्ञानें १८९१ सालीं असें दाखविलें कीं, खारवणाच्या पाण्यांतील जंतु सोऱ्याचें, म्हणजे नायट्रेटचें, रूपांतर नायट्राइटमध्यें करतात. १९०१ सालीं हॉल्डेन या ब्रिटिश शास्त्रज्ञानें, हेंच नायट्राइट मांसांतील रंगद्रव्याशीं संयोग पावून तो तांबूस रंग आणतें, असें सिद्ध केलें. १९२५ पासून अमेरिकन सरकारनें नायट्राइटच थेट वापरण्यास अनुज्ञा दिली. रंगापेक्षांही त्याचा मोठा गुण असा कीं, हवा नसलेल्या ठिकाणीं वाढणारा व स्नायूंस पंगु करणारें घोर विष निर्माण करणारा क्लॉस्ट्रिडियम बोट्युलिनम नांवाचा जंतु त्याच्यापुढें वाढूं शकत नाहीं.

गल्लत होते ती येथेंच. खारवण्यासाठीं विकत मिळणाऱ्या क्षारांत शेंकडा ६.२५ भाग सोडियम नायट्राइट असतें व बाकीचें साधें मीठ असतें. जेवणांतील मीठ समजून कोणी तो ताटांत घेऊं नये, म्हणून त्यास मुद्दाम गुलाबी रंग देतात. परंतु आपलें सैंधवही गुलाबीच, आणि इंग्रजींत दोहोंसही ‘पिंक सॉल्ट’च म्हणतात! एखाद्यानें खारवणांत सैंधव घातलें, तर त्यांत नायट्राइट मुळींच नसल्यामुळें संरक्षण मिळत नाहीं. उलट, सैंधव समजून हा क्षार कोशिंबिरींत पडला, तर तें विषच ठरतें; कारण रक्तांतील तांबडें द्रव्य त्यामुळें प्राणवायु वाहून नेण्यास असमर्थ होतें. म्हणून हा क्षार चिठ्ठी लावलेल्या निराळ्या बरणींत, मुलांच्या हातीं लागणार नाहीं असा ठेवावा. आणि चमच्यानें न मोजतां ग्रॅम दाखविणाऱ्या काट्यावर तोलूनच वापरावा.

मसाल्याचें काम याहून अगदीं भिन्न. मिठाचे सूक्ष्म कण पाण्याबरोबर मांसाच्या गाभ्यापर्यंत हळूहळू पोहोंचतात. मसाल्यांतील सुगंधी तेलें पाण्यांत फारशीं विरघळत नाहींत. त्यांचा वास बहुतांशीं मांसाच्या वरच्या थरांतच राहतो. तात्पर्य, मसाला दुप्पट केला म्हणून मांस अधिक टिकत नाहीं, आणि मीठ कमी केल्याची भरपाई मसाल्यानें होत नाहीं. मसाला दोन वेळां घालण्याची चाल पडली आहे, ती यासाठींच: एकदां मुरवतांना व पुन्हां शिजवतांना.

मसाल्याचें प्रमाण पुढीलप्रमाणें ठेवावें. पिवळी मोहरी व धने प्रत्येकीं दोन मोठे चमचे. काळी मिरी व ऑलस्पाइस प्रत्येकीं एक मोठा चमचा. लवंगा, सुंठीचे बारीक तुकडे आणि जाडसर कुटलेली सुकी मिरची प्रत्येकीं एक चहाचा चमचा. सहा हिरवे वेलदोडे, दोन इंच दालचिनी आणि तीन बे-पानें.

यांपैकीं तीन जिनसांविषयीं खुलासा हवा. ऑलस्पाइस या नांवावरून तें एखादें मिश्रण वाटतें. पण तें वेस्ट इंडीज व मध्य अमेरिकेंतील एकाच झाडाचें वाळविलेलें फळ असून जमैका बेट त्यासाठीं प्रसिद्ध आहे. लवंगेंतील युजेनॉल हेंच द्रव्य त्यांतही असल्यामुळें त्याचा वास लवंगेच्या वळणाचा येतो. आपल्या बाजारांत त्यास कोठें कोठें कबाबचिनी म्हणतात, परंतु खरी कबाबचिनी म्हणजे कंकोळ, तें निराळें. ऑलस्पाइस न मिळाल्यास लवंगा व दालचिनी किंचित् वाढवून जायफळाचा लहानसा तुकडा घालावा. दुसरें, बे-पान म्हणजे आपलें तमालपत्र नव्हे. तमालपत्रावर देंठापासून टोंकाकडे जाणाऱ्या तीन ठळक शिरा असतात व त्यास दालचिनीचा वास येतो. बे-पानास मधली एकच शीर असते व त्याचा वास निराळा, किंचित् उग्र असतो. तमालपत्र वापरावयाचें झाल्यास एकच घेऊन दालचिनी कमी करावी. तिसरें, पिवळी मोहरी ही आपल्या फोडणीच्या मोहरीहून सौम्य असते. मोहरीचा झणझणीतपणा ती पाण्यांत वाटली म्हणजेच उठतो. अख्खी मोहरी उकळली असतां तो उठत नाहीं, केवळ खमंगपणा तेवढा राहतो.

यावरून मसाला दळावयाचा नाहीं, हेंही ध्यानांत येईल. लोणच्याचा मसाला फोडीस चिकटून पोटांत जातो. हा मसाला आपला गंध देऊन बाजूस होतो. पूड केल्यास पाणी गढूळ होतें, मांसास खरखर येते आणि सुगंधी तेलें साठवणींतच उडून जातात. धने, मोहरी व मिरी कोरड्या तव्यावर मंद आंचेवर वास सुटेपर्यंत, म्हणजे दोन-तीन मिनिटें, परतावीं. गार झाल्यावर सर्व अख्खे जिन्नस खलांत एक-दोन घाव घालून नुसते फोडावे, पानें व दालचिनी हातानें मोडावीं, मिरची मिसळावी. घट्ट झांकणाच्या बरणींत, उजेडापासून दूर, हें मिश्रण सहा महिने चांगलें राहतें.

दोन किलो मांसास दोन लिटर पाणी घ्यावें. त्या पाण्यांत १२० ग्रॅम मीठ, ६० ग्रॅम साखर व दोन मोठे चमचे मसाला घालून उकळावें आणि पूर्ण गार करावें. मग वर सांगितलेला नायट्राइटचा क्षार १० ग्रॅम घालावा. मांस व पाणी यांच्या एकूण वजनाच्या दर किलोस अडीच ग्रॅम, हें त्याचें प्रमाण आहे; तें अंदाजानें वाढवूं नये. कांचेच्या, चिनी मातीच्या किंवा स्टेनलेस स्टीलच्या भांड्यांत मांस पूर्ण बुडवून वर बशी ठेवावी, आणि ४ अंश सेल्सिअसहून अधिक नसलेल्या फ्रिजमध्यें दहा दिवस ठेवून रोज एकदां उलटावें. नंतर तें पाणी मसाल्यासकट फेंकून द्यावें, मांस धुवावें, आणि ताज्या पाण्यांत एक मोठा चमचा नव्या मसाल्याची पुरचुंडी सोडून सुमारें तीन तास शिजवावें. पाणी खळखळूं देऊं नये. तें नुसतें थरथरत राहिलें म्हणजे छातीच्या मांसांतील चिवट तंतु विरघळून तें मऊ होतें. बटाटे, गाजर व कोबी शेवटच्या अर्ध्या तासांत घालावे.

महाराष्ट्रांत २०१५ च्या कायद्यानें गाईबरोबर बैल व वळू यांच्या कत्तलीसही बंदी असल्यामुळें ही कृति विशेषतः परदेशांत राहणाऱ्या मराठी कुटुंबांच्या कामाची. मात्र हाच मसाला सिरक्यांतील काकडी, कोबी किंवा मुळा यांच्या लोणच्यासही उत्तम लागतो, आणि तेथें नायट्राइटचें कामच नाहीं. शिवाय, जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोगविषयक संस्थेनें २०१५ सालीं खारवलेल्या व तत्सम प्रक्रिया केलेल्या मांसाची गणना कर्करोगास कारण होणाऱ्या पदार्थांत केली आहे. तेव्हां तें सणावारापुरतेंच ठेवणें शहाणपणाचें. मसाल्यांत गृहिणीनें आपल्या आवडीप्रमाणें वाटेल तो फेरफार करावा, मिरी वाढवावी, लवंग कमी करावी. तें तिचें स्वातंत्र्य आहे. मिठाच्या व क्षाराच्या तोलांत मात्र आवडीनिवडीस जागा नाहीं.