जिभेवर चालणारे राज्य

परग्रहावरचा प्राणी काढा, असे वर्गात सांगितले तर वह्यांत काय उमटते? मोठाले डोळे, लांब कान, क्वचित डोक्यावर एरियल. जीभ कोणी काढत नाही. विज्ञानकथा लिहिणारेही आपल्या पाहुण्यांना डोळे-कान सढळ हाताने देतात आणि चवीला मात्र स्वयंपाकघरात ठेवतात. आज आपण उलटे करून पाहू. समजा, एका ग्रहावर सदैव काळोख आहे. तिथल्या प्राण्यांना दिसत नाही, ऐकू येत नाही. त्यांच्याजवळ आहे ती फक्त चव. त्यांना समाज उभारता येईल का?

कथा रंगवण्याआधी पदार्थविज्ञानाला विचारले पाहिजे. प्रकाश सेकंदाला सुमारे 3 लाख किलोमीटर जातो. आवाज हवेतून सेकंदाला सुमारे 340 मीटर जातो. आणि चव? ती जागची हलत नाही. पदार्थाचे रेणू प्रत्यक्ष जिभेला लागावे लागतात. मांडवीच्या धक्क्यावरून होडीतल्या माणसाला हाक मारता येते. चव मारता येत नाही! तेव्हा आपले हे चवजीवी एकमेकांना खेटून राहणार आणि त्यांची बातमी तोंडातून तोंडात जाणार, हे उघड आहे.

दुसरी अडचण याहून खोल आहे. मी तुम्हाला एक शब्द सांगितला तर तो माझ्याजवळही पूर्णच उरतो. चवीचा निरोप मात्र द्रव्याचा असतो. निम्मा दिला की निम्माच उरतो. दहा जणांपर्यंत पोहोचता पोहोचता तो इतका पातळ होईल की पुढच्याला काही लागणारच नाही. असा समाज कसा टिकेल?

पण तो टिकला आहे, आणि त्यासाठी दुसऱ्या ग्रहावर जायला नको. आपल्या कोकणात झाडाच्या ढोलीत, जांभ्याच्या भिंतीतल्या पोकळीत सातेरी मधमाश्यांची वसाहत असते. आत मिट्ट काळोख. माशीला डोळे आहेत, पण तिथे ते निरुपयोगी. हजारो कामकरी माश्या आणि राणी एकच. ती राणी नाहीशी झाली तर काही तासांतच वसाहत अस्वस्थ होते आणि नवी राणी वाढवण्याची धडपड सुरू होते. ती साधली नाही तर वसाहत संपते. मग हजारो माश्यांना अंधारात हे कळवते कोण?

स्वित्झर्लंडमधील फ्रान्स्वा ह्यूबर हा अंध संशोधक. मदतनिसांच्या डोळ्यांनी पाहून त्याने या प्रश्नावर एक सुरेख प्रयोग केला. त्याने जाळी घालून राणीला वेगळे केले. जाळीतून माश्यांना आपल्या शृंगिका, म्हणजे डोक्यावरच्या मिशा, राणीला लावता येत होत्या तोवर वसाहत शांत राहिली. मग त्याने जाळ्या दोन केल्या आणि मध्ये अंतर ठेवले. आता मिशा पोहोचेनात. लगेच राणी नसल्यासारखी गडबड उडाली! नीट विचार करा. दोन जाळ्यांतून आवाज जातो, हवा जाते, हवेबरोबर वासही जातो. जात नाही तो स्पर्श.

पण नुसता स्पर्श की स्पर्शातून मिळणारे काही? याचे उत्तर विसाव्या शतकात मिळाले. इंग्लंडमधील कॉलिन बटलर याने दाखवले की कामकरी माश्या राणीला चाटून एक द्रव्य घेतात. राणीच्या शरीराचा अर्क दिला तरी त्या नवी राणी वाढवायला फारशा जात नाहीत. 1960 च्या सुमारास त्यातील मुख्य घटक ओळखला गेला. राणीच्या जबड्याजवळच्या ग्रंथीत तयार होणारे ते 10 कार्बन अणूंचे एक आम्ल आहे. सातेरीच्या राणीतही ते असते. पुढे अशा घटकांचे मिश्रण प्रयोगशाळेत बनवले गेले. ते काचेच्या तुकड्याला लावले की माश्या त्या काचेभोवतीच दरबार भरवतात.

आता गणित करू. राणीला चाटून आलेली माशी एकीला भेटली की दोघींना कळले. त्या दोघी आणखी दोघींना भेटल्या की चौघींना. अशा 14 पायऱ्यांत 16,384 माश्यांना बातमी लागते. भेटीगाठींना वेळ थोडाच लागतो, पण प्रत्येक पायरीला वाटा निम्मा होतो. आपण जिला अडचण म्हणत होतो ती हीच. वसाहत मात्र याच अडचणीचा उपयोग करते. ‘राणी गेली’ असे कोणीच सांगत नाही. ‘राणी आहे’ हा निरोप अखंड वाटला जात असतो आणि विरत असतो. तो येईनासा झाला, की तीच बातमी! रत्नदुर्गाजवळच्या दीपस्तंभाचा झोत थांबला तर दर्यावरच्या तांडेलाला कोणी तार करावी लागत नाही, तसेच हे.

बटलरला आणखी एक कल्पना सुचली. राणीचे द्रव्य ठरावीक, माश्या मात्र वाढत्या. म्हणजे गर्दी झाली की प्रत्येकीचा वाटा घटणार, आणि घटलेली चव सांगणार की आता वसाहत फोडून वेगळे व्हा. चवीने केलेली खानेसुमारीच ही! 1991 साली कॅनडातील संशोधकांनी राणीच्या द्रव्याला किरणोत्सारी खूण लावून त्याचा माग काढला, तेव्हा चित्र थोडे बदलले. द्रव्य पोहोचवण्याचे काम मुख्यतः राणीला भेटून आलेल्या निरोप्या माश्या करतात, आणि गर्दीत त्यांचीच वाट अडते.

इथे कोणी चाणाक्ष विद्यार्थी विचारील, मिशीने कळली ती चव की वास? प्रश्न बरोबर आहे. आपल्याला नाक वेगळे, जीभ वेगळी, म्हणून आपण दोन शब्द केले. माशीची मिशी दोन्ही कामे करते. 2006 साली मधमाशीच्या जनुकांचे वाचन झाले, तेव्हा चवीच्या ग्राहकांची जनुके निघाली फक्त 10 आणि वासाची सुमारे 170. फळमाशीला चवीची सुमारे 60 आहेत. चवीवर समाज उभा करायला जीभ फार चोखंदळ लागते, असे दिसत नाही. चव एकमेकींना द्यावी मात्र लागते.

बाजारही त्यावरच चालतो. दूध सोसायटीत फॅट पाहून दूध घेतात ना? मध गोळा करणारी माशी आणलेला मकरंद घरातल्या माशीच्या तोंडात देते. फुलांची रेलचेल असेल तर पातळ मकरंदवालीला ताटकळावे लागते, आणि उन्हाने पोळे तापले की साधे पाणी आणणारीचा माल झटकन उचलला जातो. मार्टिन लिंडाउअर या जर्मन शास्त्रज्ञाने हे टिपले. बाहेरून आलेल्या माशीला कोठार पाहावे लागत नाही. घेणारीने किती वेळ लावला यावरून तिला घरची निकड कळते.

मधपाळांना हे सारे व्यवहारात ठाऊक असते. महाबळेश्वरजवळचे मांघर 2022 साली ‘मधाचे गाव’ म्हणून जाहीर झाले. तिकडची सहल निघाली तर दोन वसाहती एकत्र कशा करतात ते मधपाळांना विचारा. थेट मिसळल्या तर मारामारी ठरलेली. म्हणून मध्ये बारीक भोके पाडलेले वर्तमानपत्र ठेवण्याची रीत आहे. कागद कुरतडून संपेपर्यंत दोन्हीकडच्या माश्या एकमेकींना परक्या राहत नाहीत.

आता आपल्या काळोख्या ग्रहाकडे परत येऊ. तिथली वस्ती किती मोठी असू शकेल? घरी आठ पेले मांडा. पहिल्या पेल्यात चार चमचे साखर विरघळवा. त्यातले निम्मे पाणी दुसऱ्यात ओता आणि दुसरा साध्या पाण्याने भरा. दुसऱ्यातले निम्मे तिसऱ्यात, असे शेवटपर्यंत करा. आठव्यात मूळ गोडीचा 128 वा भाग उरेल. डोळे मिटून चाखा आणि कितव्या पेल्यात गोडी कळेनाशी होते ते लिहा. मग धाकट्या भावंडाला आणि आजीलाही चाखायला द्या. तिघांचे आकडे एकच येतील असे समजू नका.