जाणाऱ्यांना कायदा, येणाऱ्यांना उचल

महाराष्ट्रातल्या मजुरांच्या इतिहासात १९६५ हे साल दोन कारणांसाठी लक्षात ठेवायला हवे. त्या वर्षी सांगली जिल्ह्यातल्या तासगाव तालुक्यात, विसापूरच्या परिसरात, विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांनी मागेल त्याला काम देण्याचा प्रयोग सुरू केला. त्याच वर्षी जुलैत राज्य सरकारने एक समिती नेमली. माथाडी, हमाल अशा कष्टकऱ्यांना कामगार कायदे लागू करता येतील का, हे तिने तपासायचे होते. विसापूरचा प्रयोग गावातच राहणाऱ्यांसाठी होता आणि समिती गाव सोडून गेलेल्यांसाठी. मुंबईच्या ज्या हमालांमुळे ती नेमावी लागली, त्यांतले कितीतरी शेजारच्या सातारा जिल्ह्यातलेच होते.

पाटण, जावळीची डोंगराळ, तुटपुंजी शेती. कोयना धरणात बुडालेली खोरी. माण, खटाव, आटपाडी, जतचा पाऊस हुकलेला पट्टा. शिराळ्याची वरची गावे. इथला तरुण गाडीत बसायचा तो थेट मुंबईला. कुणी गिरणीत लागायचा, कुणी मशीद बंदर, दाणा बंदरच्या बाजारात पाठीवर पोते घ्यायचा. राहायला गावकीची खोली. एका खोलीत गावातली वीस-पंचवीस माणसे, भिंतीला लावलेल्या पत्र्याच्या ट्रंका, झोपायला पाळ्या, जेवायला खाणावळ. महिन्याला गावी मनीऑर्डर आणि जत्रेला स्वतः. सातारा-सांगलीच्या अनेक गावांतले घर, विहीर, मुलांचे शिक्षण या हमालीवर उभे राहिले.

ती हमाली मात्र कुठल्याच कायद्यात बसत नव्हती. शंभर किलोचे पोते गाडीतून उतरवून गोदामात थप्पीला लावणारा माणूस सकाळी एका पेढीवर, दुपारी दुसऱ्या. व्यापारी म्हणायचा, हा माझा नोकर नाही. मजुरी टोळीवाल्याच्या हातून मिळायची. हजेरीपट नाही, भविष्य निर्वाह निधी नाही, पाठ गेली की गावाकडचा रस्ता. मालकच सापडत नसल्यामुळे कामगार कायदा कुणावर बजावायचा, हाच प्रश्न होता.

पाटण तालुक्यातल्या मंद्रुळकोळ्याचे अण्णासाहेब पाटील यांनी या हमालांची संघटना बांधली. मोर्चे, संप, सरकारदरबारी खेपा असा तो लढा होता. समितीचा अहवाल १९६७ मध्ये आला आणि वसंतराव नाईक मुख्यमंत्री असताना १९६९ मध्ये महाराष्ट्र माथाडी, हमाल व इतर श्रमजीवी कामगार कायदा झाला. त्याची रचना आजही अभ्यासण्यासारखी आहे. मालक एकच असला पाहिजे, ही अटच त्याने काढून टाकली. सरकार, मालक आणि कामगार यांचे प्रतिनिधी असलेले मंडळ. मंडळाकडे पेढीचीही नोंदणी आणि हमालाचीही. पेढीने मजुरी मंडळात भरायची आणि तिच्यावर ठरलेली लेव्हीही. त्या लेव्हीतून निर्वाह निधी, ग्रॅच्युइटी, बोनस, रजेचा पगार, औषधपाणी. कामगार दिवसात चार दारी राबला तरी त्याचा हिशेब एका वहीत राहू लागला. पुढे १९८१ मध्ये खासगी सुरक्षारक्षकांसाठी राज्याने याच धर्तीवर कायदा केला. केरळनेही १९७८ मध्ये ओझे वाहणाऱ्या कामगारांसाठी स्वतंत्र कायदा मंजूर केला.

घाऊक बाजार नवी मुंबईत गेले, तेव्हा माथाडीही तिकडे गेला. गावकीच्या खोलीतला माणूस कोपरखैरणे, घणसोलीच्या वसाहतीत बायकामुलांसह राहू लागला. कायद्याने घडवलेला हा बदल एका पिढीत डोळ्यांना दिसला. अण्णासाहेबांना तो पुरता पाहता आला नाही. मराठा आरक्षणासाठी मुंबईत मोर्चा काढल्यानंतर दुसऱ्याच दिवशी, २३ मार्च १९८२ रोजी, त्यांनी आपले आयुष्य संपवले.

माथाडी कायद्यावर बोटही ठेवले गेले आहे. माथाडीच्या नावाखाली कारखानदारांकडून पैसे उकळणाऱ्या टोळ्यांच्या तक्रारी खऱ्या आहेत. त्याच कारणासाठी २०२३ मध्ये दुरुस्ती विधेयक आले आणि माथाडी संघटनांनी त्याला कडाडून विरोध केला. खंडणीखोरांवर गुन्हे जरूर दाखल व्हावेत. पण त्यांच्यापायी खऱ्या हमालाचे संरक्षण आकसू देणे चूक ठरेल.

पाग्यांच्या प्रयोगाचेही सोने झाले. १९७२ च्या दुष्काळात राज्यभर लाखो हात सरकारी दुष्काळी कामांवर आले. १९७५ मध्ये व्यवसाय कर लागू करून शहरातल्या नोकरदारांकडून रोजगार हमी योजनेसाठी पैसा उभा करण्यात आला. १९७७ मध्ये रोजगार हमीचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. देशाने ती हमी स्वीकारली २००५ मध्ये.

आणि याच दशकांत सातारा-सांगलीची दुसरी बाजू बदलत होती. कृष्णाकाठी सहकारी साखर कारखाने उभे राहिले. एका टोकाने माणसे बाहेर पाठवणारा हा मुलूख दुसऱ्या टोकाने माणसे बोलावू लागला. बीड, जालना, नगर, उस्मानाबादकडून ऊसतोड टोळ्या दरवर्षी येऊ लागल्या. जत आणि माणमधूनही येतात, म्हणजे आपल्याच जिल्ह्यांतून.

त्यांचे दिवस कसे जातात, हे कऱ्हाड-वाळव्याच्या कुठल्याही फडात दिसते. नवरा-बायको मिळून एक कोयता. हंगामाआधी मुकादमाकडून घेतलेली उचल डोक्यावर. पहाटे अंधारात फडात उतरायचे. त्याने तोडायचे, तिने पाचट काढून मोळी बांधायची. मग तीच मोळी डोक्यावर घेऊन फळीवरून ट्रॉलीत चढायचे. रात्री गाडी आली तर रात्री भरायची. दिवसाला दीड-दोन टन. आजारी पडून घरी बसले तर खाडा, म्हणजे पैसे कापले. राहायला कोपी, पाण्याला दुसऱ्याची विहीर. पट्टा पडेपर्यंत, म्हणजे हंगाम संपेपर्यंत, उचल फिटली नाही, तर ती पुढच्या हंगामावर चढते.

इथे कारखाना म्हणतो, मजूर आमचा नाही, मुकादमाचा. साठ वर्षांपूर्वी दाणा बंदरचा व्यापारी हेच म्हणत होता.

केंद्राने १९७९ मध्ये स्थलांतरित मजुरांसाठी कायदा केला, पण तो राज्याची हद्द ओलांडणाऱ्यांपुरता होता. बीडहून सांगलीला आलेला माणूस शेकडो किलोमीटर आला तरी महाराष्ट्रातच राहतो, म्हणून त्या कायद्याच्या बाहेर राहिला. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड महिलांची गर्भाशये काढली जात असल्याच्या बातम्या २०१९ मध्ये गाजल्या, तेव्हा कुठे सरकार हलले. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती बसली. सुमारे ८२ हजार महिलांच्या पाहणीत १३ हजारांहून अधिक जणींची ही शस्त्रक्रिया झालेली आढळली. खाडा पडू नये म्हणून शरीराचा भाग काढून टाकावा लागतो, यापेक्षा या व्यवस्थेबद्दल आणखी काय सांगायचे?

त्याच वर्षी गोपीनाथ मुंडे ऊसतोड कामगार कल्याण महामंडळाचा निर्णय झाला. कारखान्यांकडून टनामागे १० रुपये आणि तेवढीच भर सरकारची, असे त्याच्या निधीचे सूत्र पुढे ठरले. २०२० च्या टाळेबंदीत सव्वा लाखाहून अधिक मजूर कारखान्यांच्या आवारात अडकून पडले आणि एप्रिलच्या मध्यावर त्यांना घरी जाऊ देण्याचा निर्णय झाला. जानेवारी २०२४ मध्ये तोडणीच्या दरात ३४ टक्के वाढ मान्य झाली. वाढ स्वागतार्ह आहेच, पण दर वाढला तरी वही मुकादमाकडेच राहते. महामंडळ वसतिगृहे काढू शकते, विमा देऊ शकते. मजुरी त्याच्याकडे जमा होत नाही आणि उचलीचा हिशेबही त्याच्याकडे नाही.

माथाडी कायद्याने नेमकी हीच गाठ सोडवली होती. टनामागची वर्गणी आज आहेच. तिच्या जोडीला प्रत्येक कोयत्याची नोंद, बायकोच्या नावाने वेगळी नोंद आणि मजुरीचा भरणा मुकादमाऐवजी मंडळात, एवढे झाले तर बाकीची व्यवस्था या राज्याला पन्नास वर्षांपासून माहीत आहे. ज्या सातारा-सांगलीच्या घरांतून माथाडी गेले, त्याच घरांतले लोक आज कारखान्यांचे सभासद आहेत, संचालक आहेत, आमदार आहेत. येत्या वार्षिक सभांत त्यांनी हा ठराव मांडावा आणि गाळप सुरू होण्याआधी तो सरकारकडे पाठवावा.