स्वातंत्र्याचे पदक आणि मताचा अधिकार

4 जुलै 1993 रोजी अमेरिकेतील फिलाडेल्फिया शहरात नेल्सन मंडेला यांना 'लिबर्टी मेडल' देण्यात आले. मंडेला तेव्हा 74 वर्षांचे होते आणि त्यांच्या स्वतःच्या देशात त्यांना मताचा अधिकार नव्हता. ज्याला मत नाही त्याच्या गळ्यात स्वातंत्र्याचे पदक! ही विसंगती आपण नीट समजून घेतली पाहिजे. कारण सन्मान मिळाला म्हणजे हक्क मिळाला, अशी गल्लत आपल्याकडेही होते.

जगात कुठेही स्वातंत्र्यासाठी झटणाऱ्या व्यक्तीला वा संस्थेला हे पदक दिले जाते. ते 1988 मध्ये स्थापन झाले. 1989 मध्ये पहिले पदक पोलंडचे कामगार नेते लेक वालेसा यांना मिळाले. ज्या इंडिपेन्डन्स हॉलपाशी मंडेलांचा समारंभ झाला, तिथेच 1776 मध्ये अमेरिकेने स्वातंत्र्य जाहीर केले आणि 1787 मध्ये राज्यघटना तयार केली. त्या घटनेत गुलामाला मत नव्हते. मात्र मालकांच्या राज्यांचे प्रतिनिधी वाढावेत म्हणून पाच गुलामांची गणती तीन माणसे अशी केली गेली.

म्हणूनच 1992 चे पदक महत्त्वाचे ठरते. ते थर्गुड मार्शल यांना मिळाले. मार्शल हे गुलामाचे पणतू. काळ्या-गोऱ्या मुलांच्या वेगळ्या शाळा घटनाबाह्य ठरवणारा 1954 चा खटला त्यांनी लढवला आणि 1967 मध्ये ते अमेरिकन सर्वोच्च न्यायालयाचे पहिले कृष्णवर्णीय न्यायाधीश झाले. घटनेच्या द्विशताब्दीचा उत्सव चालू असताना, 1987 मध्ये, ही घटना मुळातच सदोष होती असे त्यांनी जाहीरपणे सांगितले. पदक स्वीकारतानाही ते आभार मानून थांबले नाहीत. वर्णद्वेष संपलेला नाही, उदासीनतेविरुद्ध आणि भीतीविरुद्ध उभे राहा, असे त्यांनी देणाऱ्यांनाच बजावले.

मंडेलांना पदक मिळाले ते राष्ट्राध्यक्ष डी क्लार्क यांच्यासह. 27 वर्षे तुरुंगात काढलेला माणूस आणि त्या तुरुंगाच्या राजवटीचा प्रमुख एकाच व्यासपीठावर, सारख्याच मानाने! डी क्लार्क यांनी 1990 मध्ये आफ्रिकन नॅशनल काँग्रेसवरील बंदी उठवली, मंडेलांना सोडले, हे खरेच. पण वाटाघाटी पुढे चालवाव्यात की नाही, हे ठरवण्यासाठी मार्च 1992 मध्ये कौल घेतला गेला तो फक्त गोऱ्यांचा. काळ्यांच्या मुक्तीवर मत गोऱ्यांचे! शार्पव्हिल (1960) आणि सोवेटो (1976) येथे गोळ्या झेललेल्यांनी हा प्रश्न पेटता ठेवला नसता, तर तो कौल घेण्याची वेळच आली नसती. सत्ताधारी दार उघडतो तेव्हा बाहेरून कितीजणांनी धडका दिल्या, तेही मोजले पाहिजे.

27 एप्रिल 1994 रोजी, वयाच्या 75 व्या वर्षी, मंडेलांनी आयुष्यातले पहिले मत दिले. अमेरिकेने मात्र त्यांचे नाव दहशतवाद्यांच्या यादीतून काढायला 2008 साल उजाडू दिले. पदक आधी, यादीतली दुरुस्ती पंधरा वर्षांनी.

आपल्या देशाने 1990 मध्ये मंडेला आणि बाबासाहेब आंबेडकर या दोघांनाही भारतरत्न दिले. बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण होऊन तेव्हा 33 वर्षे झाली होती. त्यांनी सायमन कमिशनपुढे प्रौढ मताधिकार मागितला होता तो 1928 मध्ये. त्या मागणीसाठी ते कोणाच्या पदकाची वाट पाहत बसले नाहीत.

मग सन्मान निरर्थकच का? नाही. 1873 मध्ये जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' हा ग्रंथ नीग्रो गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या अमेरिकन लोकांना अर्पण केला. त्यांचा कित्ता आपल्या देशबांधवांनी गिरवावा आणि शूद्रांना ब्राह्मणी दास्यातून सोडवावे, ही अपेक्षाही त्यांनी तिथेच नोंदवली. दुसऱ्याचा गौरव करताना स्वतःच्या समाजावर कर्तव्य टाकणारी ती अर्पणपत्रिका होती. यापुढे कोणाला स्वातंत्र्याचे पदक मिळाल्याचे आपण वाचू, तेव्हा देणाऱ्याने स्वतःवर कोणते कर्तव्य घेतले, हा जोतीरावांचा सवाल आपण विचारला पाहिजे.