कॅसेट, तबकडी आणि किल्ली

द्वितीय वर्ष, कला

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत आम्ही सगळी भावंडे आजोळी कऱ्हाडला जमलो होतो. थोरल्या दादाने पुण्याहून नवा कोरा गेमचा कन्सोल आणला होता. कोणत्या कंपनीचा ते लिहीत नाही. जाहिरातींची पाने या अंकात वेगळी आहेत. रात्रीची जेवणे लवकर उरकून सगळे टीव्हीसमोर बसले. तारा जोडल्या, तबकडी आत सरकली आणि पडद्यावर एक आडवी रेघ उमटली. ती मुंगीच्या पावलांनी भरू लागली. अर्ध्या तासाने आजीने विचारले, "लागला का रे तुमचा खेळ?" दादा म्हणाला, "इन्स्टॉल होतोय, आजी." ती रेघ भरली तर दुसरी आली. आता म्हणे इंटरनेटवरून खेळाच्या दुरुस्त्या उतरत होत्या. आजी झोपायला गेली. धाकटी भावंडे गादीवर पेंगू लागली.

मामा इतका वेळ गप्प होते. ते उठले, शिडी लावून माळ्यावर चढले आणि बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा घेऊन खाली उतरले. डब्यात त्यांच्या शाळेच्या दिवसांतला व्हिडिओ गेम होता. मामांनी पिवळ्या कॅसेटच्या तोंडात जोरकस फुंकर मारली, ती खाचेत दाबली, दोन पिना टीव्हीला लावल्या. पाच मिनिटांत मारिओ धावत सुटला आणि पेंगणारी मुले ताडकन उठून बसली.

तीस वर्षे माळ्यावर पडलेला खेळ पाच मिनिटांत लागतो आणि कालच विकत घेतलेला दोन तासांत लागत नाही, ही कसली प्रगती, असा मामांचा सवाल. दादाने नव्या यंत्राची बाजू घेतली आणि वाद जुंपला. तो मिटवण्यासाठी मी जी शोधाशोध केली तिचे फळ म्हणजे हा लेख. कला शाखेच्या विद्यार्थ्याने असल्या भानगडीत पडावे का, असे काही प्राध्यापकांना वाटेल. पुढे मोडीची गोष्ट येणार आहे. तोवर त्यांनी धीर धरावा.

घरच्या टीव्हीवर खेळण्यासाठी विक्रीस आलेले पहिले यंत्र म्हणजे राल्फ बेअर यांच्या कल्पनेतून उतरलेले मॅग्नाव्हॉक्स ओडिसी. ते अमेरिकेत १९७२ साली आले. त्यातले खेळ यंत्राच्या जोडणीतच होते. खेळ चिपेत भरून दुकानात सुटा विकण्याची सोय १९७६ च्या फेअरचाइल्ड चॅनल एफ या यंत्राने केली, आणि ते घडवणाऱ्या गटाचे प्रमुख जेरी लॉसन नावाचे अभियंते होते. आपण तिला 'कॅसेट' म्हणतो खरे, पण तिच्यात फीत नसते. आत एक छोटी पट्टी आणि तिच्यावर एक-दोन चिपा. खेळ त्या चिपांत कायमचा कोरलेला. कॅसेट खाचेत बसली की या चिपा थेट यंत्राच्या मेंदूला जोडल्या जातात, जणू त्याचाच एक अवयव. मग इन्स्टॉल करायचे ते काय? बटण दाबले की मेंदू पहिली ओळ वाचू लागतो.

अर्थात खेळही तेवढेच अंगचोर असत. मामांचे यंत्र म्हणजे निन्टेन्डोच्या १९८३ सालच्या 'फॅमिकॉम'ची नक्कल. अशा नकला नव्वदीच्या दशकात आपल्याकडे गावोगाव पोचल्या होत्या. १९८५ चा 'सुपर मारिओ ब्रदर्स' हा सबंध खेळ ४० किलोबाइटांत मावतो. प्रस्तुत लेख संगणकावर टाइप केला तरी त्याला पंचवीस-तीस किलोबाइट लागतात. यावरून त्या कारागिरांची काटकसर ध्यानी यावी. त्या खेळातले ढग आणि झुडपे नीट न्याहाळून पाहा. चित्र एकच आहे, वर पांढरे रंगवले की ढग आणि खाली हिरवे रंगवले की झुडूप! मामांच्या कॅसेटवर मात्र '९९९९ खेळ' असे छापले आहे. प्रत्यक्षात दहा-वीस खेळच नावे बदलून पुन्हा पुन्हा येतात. फुंकरीबद्दल मामांची क्षमा मागून सांगतो की तिच्यात गुण नाही. कॅसेट काढून पुन्हा बसवताना धातूचे दात नव्याने टेकतात, गुण त्याचा. फुंकरीतल्या दमटपणाने उलट ते दात गंजतात.

१९९४ साली जपानमध्ये सोनीचे प्लेस्टेशन आले आणि कॅसेटची जागा तबकडीने घेतली. तबकडी स्वस्त, आणि तिच्यात साडेसहाशे मेगाबाइटांच्या आसपास मजकूर मावतो. पण तिच्यावर काही लिहिता येत नाही, म्हणून खेळाडूची प्रगती नोंदवायला वेगळे 'मेमरी कार्ड' आले. शिवाय तबकडी फिरवून, भिंगाने वाचून मजकूर आत न्यावा लागतो. वाट पाहणे सुरू झाले ते तेव्हापासून. तरीही २००० सालच्या प्लेस्टेशन २ पर्यंत खेळ तबकडीवरूनच चाले. ती घातली की खेळ लागला.

पुढे खेळ फुगत गेले आणि भिंगाची धाव पुरेना. २०१३ साली आलेल्या प्लेस्टेशन ४ आणि एक्सबॉक्स वन या यंत्रांपासून तबकडीवरचा खेळ आधी यंत्राच्या पोटातल्या साठवणीत उतरवून घेणे सक्तीचे झाले. ती साठवण सेकंदाला पन्नास ते शंभर मेगाबाइट देई. २०२० च्या प्लेस्टेशन ५ मधली चिपांची साठवण सेकंदाला साडेपाच गिगाबाइट देते. या यंत्राचे रचनाकार मार्क सर्नी यांनी मार्च २०२० मधल्या भाषणात सांगितलेला हिशेब असा: पूर्वी एक गिगाबाइट आत न्यायला सुमारे वीस सेकंद लागत, आता दोन गिगाबाइटांना पाव सेकंद पुरतो. म्हणजे दादाने सोसलेली दोन तासांची प्रतीक्षा ही आगाऊ भरलेली रक्कम आहे. एकदा खेळ उतरला की नंतर मिनिटामिनिटाला थांबणे नाही. वादात एवढा मुद्दा दादाचा मान्य करावा लागतो.

नवे यंत्र घरी आणणाऱ्यांसाठी दोन व्यवहाराच्या गोष्टी येथेच सांगून टाकतो. पहिल्या प्लेस्टेशन ५ ची साठवण ८२५ गिगाबाइट असली तरी खेळांसाठी त्यातले सुमारे ६६७ उरतात, आणि हल्लीचा एकेक मोठा खेळ शंभराच्या घरात जातो. तेव्हा प्लेस्टेशन ४ साठी केलेले खेळ यूएसबीने जोडलेल्या बाहेरच्या साध्या डिस्कवर ठेवावेत, ते तेथूनच चालतात. प्लेस्टेशन ५ साठी केलेले खेळ मात्र बाहेर नुसते ठेवता येतात, खेळायचे तर आत आणावे लागतात. आणि पाहुणे येणार असतील तर इन्स्टॉल आदल्या रात्री लावून ठेवावे.

पण या व्यवहारात एक बदल झाला आणि तो फारसा कुणाच्या लक्षात आला नाही. खेळ यंत्रात उतरला, तरी खेळताना तबकडी आत ठेवावीच लागते. ती आता पुस्तक नव्हे, किल्ली आहे. दुरुस्त्या आणि कधी कधी खेळाचा बराचसा भाग कंपनीच्या कोठारातून येतो. २०२५ साली आलेल्या निन्टेन्डो स्विच २ च्या काही खेळांची कार्डे तर उघडपणे नुसत्या किल्ल्याच आहेत. त्यांच्यात खेळ नसतोच, तो इंटरनेटवरून उतरवून घ्यायचा. उद्या ते कोठार बंद झाले आणि खेळ आधी उतरवून ठेवलेला नसला, तर हातात किल्ली राहील, दार नसेल.

आता जुने खेळ नव्या यंत्रावर का लागत नाहीत ते पाहू. पेशवे दप्तरातले रुमाल डोळ्यांपुढे आणा. कागद शाबूत, शाई शाबूत. पण मोडी येत नसेल तर आपल्यापुढे नुसत्या वेलबुट्ट्या. जुना खेळही असाच त्याच्या काळच्या यंत्राच्या लिपीत लिहिलेला असतो. उपाय दोन. एक म्हणजे जुना कारकूनच नव्या कचेरीत नोकरीस ठेवणे: प्लेस्टेशन २ मध्ये पहिल्या प्लेस्टेशनचा मेंदू किरकोळ कामांसाठी ठेवला होता, म्हणून त्यावर जुन्या तबकड्या लागत. दुसरा म्हणजे मोडी-वाचक नेमणे. यालाच एम्युलेटर म्हणतात. तो एक आज्ञावली असतो. जुन्या खेळाची प्रत्येक आज्ञा वाचून ती नव्या यंत्राला कळेल अशी सांगतो, आणि हे लिप्यंतर चालत्या खेळात, तत्क्षणी. अमेरिकेतल्या न्यायालयाने २००० साली सोनी विरुद्ध कनेक्टिक्स या खटल्यात असा वाचक तयार करणे गैर नाही असे ठरवले. दुसऱ्याचे खेळ फुकट उतरवून घेणे ही गोष्ट वेगळी.

काही हस्ताक्षरे मात्र वाचकालाही घाम फोडतात. २००६ च्या प्लेस्टेशन ३ मध्ये एक मुख्य मेंदू आणि खेळाच्या दिमतीला सहा साहाय्यक मेंदू होते, आणि कुणी कोणते काम करायचे ते प्रत्येक खेळकर्त्याने आपल्या पद्धतीने वाटून दिलेले. म्हणून प्लेस्टेशन ५ वर प्लेस्टेशन ४ चे जवळजवळ सगळे खेळ चालतात, पण त्याआधीच्या तिन्ही पिढ्यांच्या तबकड्या चालत नाहीत. कंपनीने निवडलेले काही जुने खेळ पुन्हा विकत वा वर्गणी भरून मिळतात, तेवढेच. प्लेस्टेशन ३ चे खेळ दूरच्या यंत्रावर चालवून चित्र तेवढे घरी पाठवण्याची सोय कंपनीने काही देशांत केली. २०२२ साली ही वर्गणी-योजना भारतात आली ती या सोयीवाचून. २००९ साली प्लेस्टेशन २ साठी भारतात तयार झालेला 'देसी अड्डा' नावाचा एक खेळ आहे. त्यात कबड्डी आहे, विटीदांडू आहे. त्याचीही तबकडी नव्या यंत्राला परकीच.

लिपी वाचता आली म्हणून सगळे साधते असेही नाही. त्या रात्रीचीच गोष्ट. मामांच्या डब्यात प्लॅस्टिकची बंदूक निघाली, आणि बदके मारण्याचा 'डक हंट' लावण्यात आला. मामा या खेळात गल्लीतले अर्जुन होते म्हणे. त्यांनी नेम धरला, चाप ओढला. बदक उडून गेले. दुसरे गेले, तिसरेही गेले. मुले हसू लागली. मामा टीव्हीला चिकटून उभे राहिले, तरी एक बदक मरेना.

या बंदुकीतून काही सुटत नाही, हे मला तेव्हा ठाऊक नव्हते. उलट, बंदूकच पाहत असते. तिच्या नळीत उजेड ओळखणारा एक डोळा आहे. चाप ओढताच सगळा पडदा क्षणभर काळा होतो आणि लगेच बदकाच्या जागी एक पांढरा चौकोन उमटतो. डोळ्याला आधी अंधार आणि ठरल्या क्षणी उजेड दिसला तर नेम लागला. हे सगळे डोळ्याची पापणी लवते न लवते तोच. जुन्या काचेच्या नळीच्या टीव्हीत शलाका ओळीमागून ओळ रेखत जाई आणि चित्र यंत्राच्या तालावर तत्काळ उमटे. बंदुकीची जोडणी त्या लुकलुकीलाच जुळवलेली. आजचा सपाट टीव्ही चित्र आधी साठवतो, सजवतो आणि मग दाखवतो. चौकोन उमटतो तेव्हा बंदुकीने डोळा मिटलेला असतो. मी हे मामांना नंतर फोनवर समजावून सांगितले. ते म्हणाले, "म्हणजे माझा नेम चुकला नव्हता." कॅसेट जशीच्या तशी, यंत्र शाबूत, बंदूक शाबूत, आणि तरी खेळ गेला, कारण टीव्ही बदलला!

यंत्रे धडधाकट असतानाही खेळ जातात, त्याची कारणे बहुधा कागदोपत्री असतात. 'ग्रँड थेफ्ट ऑटो ४' मधल्या मोटारीतल्या रेडिओवरची कितीतरी गाणी एप्रिल २०१८ मध्ये काढून टाकण्यात आली, कारण गाण्यांच्या हक्कांची मुदत सरली. ज्यांनी खेळ आधीच विकत घेतला होता त्यांच्याही घरातली गाणी दुरुस्तीबरोबर गेली. तबकडीवर ती असतात, दुरुस्ती घेतली की नसतात. 'फोर्झा होरायझन ४' हा शर्यतीचा खेळ असल्याच हक्कांपायी डिसेंबर २०२४ मध्ये विक्रीतून उठला. 'द क्रू' या दुसऱ्या शर्यतीच्या खेळाला एकट्याने खेळायलाही कंपनीच्या दूरच्या यंत्राची जोड लागे. ते ३१ मार्च २०२४ रोजी बंद केल्यावर विकत घेतलेल्या तबकड्या चकत्या झाल्या. निन्टेन्डोच्या वी यू आणि थ्रीडीएस या यंत्रांची दुकाने मार्च २०२३ मध्ये, तर एक्सबॉक्स ३६० चे जुलै २०२४ मध्ये मिटले. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या संस्थेने २०२३ साली मोजदाद केली तेव्हा तेथे २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ बाजारात रीतसर मिळेनासे झाले होते. कॅलिफोर्निया राज्याने २०२५ पासून एवढे तरी केले आहे की परवाना विकत असाल तर तसे स्पष्ट सांगा, 'खरेदी' म्हणून ग्राहकाला फसवू नका.

मामांच्या कॅसेटचा अभिमान बाळगतानाही एक विसरू नये. ती नक्कल आहे, आणि मारिओ रचणाऱ्या क्योतोच्या माणसांना तिच्यातून एक छदामही पोचलेला नाही.

दादाच्या पाकिटात मात्र काळ्या रंगाचे एक आठ मेगाबाइटचे मेमरी कार्ड आहे. पुण्याला नोकरीला जाताना त्याने आपले प्लेस्टेशन २ एका मित्राला देऊन टाकले, कार्ड चुकून खिशात राहिले. त्यात आम्हा दोघांच्या शर्यतींचे गॅरेज आहे. अठरा मोटारी, त्यांतली लाल मी जिंकलेली, वयाच्या सातव्या वर्षी, त्याने शेवटच्या वळणावर मुद्दाम वेग कमी केला म्हणून. (हे त्याने गेल्या दिवाळीत कबूल केले.) नव्या यंत्राला असल्या कार्डाची खाच नाही. कार्डातला मजकूर उतरवून घेणारे एक जोडयंत्र सोनीने प्लेस्टेशन ३ बरोबर काढले होते. दादा आता ते, नाहीतर चालू स्थितीतले एखादे जुने प्लेस्टेशन २, धुंडाळतो आहे. रविवारी तो जुन्या बाजारात चक्कर मारतो. परवा फोनवर म्हणाला की एक मिळाले आहे, पण त्याच्यासाठी नळीचा टीव्हीही हवा, मामांना विचारून ठेव. मामांनी टीव्ही द्यायचे कबूल केले आहे. अट एकच, बंदूकही त्याच टीव्हीवर आधी लावायची.